चाचांची उघाडी

६ जुलै, सोमवार. रोहा

आजही सर्व्हर मेलेला. कंपनीतून आले, भात लावला, आठला गेम उघडला तर आत जाताच येईना. आठवड्यात चौथ्यांदा. कॉम्प्युटर तिकडे हमरापूरला, आमच्या गणपतीच्या कारखान्याच्या मागच्या खोलीत, आणि मी इथे भाड्याच्या खोलीत. दादाला फोन. "कॉम्प्युटर चालू हाय, पंखा फिरतोय. गेम का बंद हाय ते तुलाच ठाव. माझे हात रंगाचे हायत." शेवटी इथूनच लॅपटॉपवरून कॉम्प्युटर चालवला, सर्व्हर परत सुरू केला. दोन मिनिटांचं काम. पण रोज करावं लागलं की ते काम राहत नाही, दुखणं होतं.

ग्रुपवर सागर: "अ‍ॅडमिन झोपलीय का?" पेणला त्याचं मोबाईलचं दुकान आहे, त्यामुळे जगातलं सगळं त्याला दुरुस्त करता येतं. आमचा सर्व्हर सोडून.

७ जुलै

लॉग वाचला. सर्व्हर स्वतःची रोजनिशी ठेवतो, माझ्यापेक्षा नेमाने. कोण आलं, कोण गेलं, काय जतन केलं. शेवटची ओळ काल ५.०४. शनिवारी ५.०६. शुक्रवारी ५.०३. म्हणजे तो आठला मरत नाही, पाचला मरतो. आम्ही आठ जण कामावरून येऊन बघतो तेव्हा कळतं.

पाचला आत एकच माणूस. तिन्ही दिवस. इस्माईलचाचा.

नाझचे अब्बा. नाझ माझी पाचवीपासूनची मैत्रीण, आता नवऱ्याबरोबर मस्कतला, ग्रुपवर मात्र अजून आहे. तिची अम्मी गेल्यावर चाचा नदीपलीकडे अष्टमी गावातल्या घरात एकटे, गुडघ्यांमुळे बाहेर पडणं नाही. दोन वर्षांपूर्वी तिने त्यांना टॅबलेट घेऊन दिला आणि आमच्यात आणून सोडलं. तेव्हा आम्ही हसलो होतो. ठोकळ्यांचा गेम आणि अडुसष्ट वर्षांचा माणूस. आता नवीन कोणी आलं की सागरच त्याला आधी चाचांचं शेत दाखवायला नेतो.

रॅम वाढवून दिली. बघू.

९ जुलै

रॅमने काही नाही. आज ५.०५.

सागर म्हणतो रॅमचा विषयच नाही. "कोण तरी आत काही तरी जड बांधतंय." कोण तरी म्हणजे कोण, ते आम्हा दोघांनाही माहीत. दोघांनीही नाव घेतलं नाही.

१२ जुलै, रविवार. हमरापूर

सकाळच्या मेमू गाडीने घरी. कारखान्यात गिऱ्हाईक. रविवारी लोक मूर्ती पसंत करायला येतात म्हणून दादा फवारणीची गन बंद ठेवतो. कोणाच्या शर्टावर रंग उडाला की नसती भांडणं.

दुपारी तीन ते सहा कॉम्प्युटरसमोर बसले. असरची नमाज आटोपून पावणेपाचला चाचा आत आले. मीही आत. शेतावर गेले त्यांच्या. खाडीकाठची त्यांची खरी जमीन बांध फुटून गेली, खारं पाणी शिरलं, आता तिथे तिवरांचं रान आहे. तीच पाच खाचरं त्यांनी इथे बांधलीत, आठवणीने, पावलं मोजून. थोरलं, वाकडं, आवळीखालचं, सासूचं, आणि एक नुसतंच "ते". भोवती बांध. बांधाला उघाडी, म्हणजे झडप: ओहोटीला उघडून पावसाचं पाणी बाहेर सोडायचं, भरती आली की बंद. या महिन्यात त्यांनी दुसरी उघाडी बसवली. गेममध्ये भरती-ओहोटी नसते. ते रोज पाचच्या सुमारास स्वतःच भरती आली असं धरतात आणि झडप पाडतात.

पाच वाजले. काही झालं नाही. सव्वापाच. काही नाही.

फोन केला त्यांना. म्हटलं, चाचा, आज झडप पाडली नाहीत का? म्हणाले, "आज नाय. तू आलीस नं, बोलत ऱ्हायलो."

झालं. सापडलं. वाहतं पाणी आणि दोन झडपा, सर्व्हरला इतकं पाणी एकदम हलवायला लागतं आणि तो बसतो. त्यांना तसं सांगितलं. ते म्हणाले, "पाणी तं चोवीस तास वाहतं गो. मंग पाचलाच का बंद पडतं? तुमच्याकडं पाचला काय लावतात का?"

मी म्हटलं, "चाचा, ते तुम्हाला नाही कळायचं."

चांगल्या सुरात म्हटलं. तरी पण.

१६ जुलै, गुरुवार

पुरावाच मिळाला. लॉगमध्ये आधी मी शेवटची ओळ बघत होते, तिच्यावरच्या तीन वाचल्या नव्हत्या. "जतन करता आलं नाही", आणि पुढे जागेचा नंबर. नंबर नकाशावर लावला. चाचांचं शेत. सोमवारी तेच, मंगळवारी तेच, कालही तेच.

मला आनंद झाला. इथे खोटं कशाला लिहू. कोडं सुटल्याचा आनंद, गणित आल्याचा. ग्रुपवर टाकलं. सागर: "बोललो होतो." बाकीच्यांनी अंगठे. कोणी तरी लिहिलं, चाचांना वाईट वाटेल. सागरचं उत्तर, "आठ जणांचा गेम रोज बंद, त्याचं काय?"

कंपनीत आज बॅच फेल झाली, त्याचा रिपोर्ट मी लिहिला. कारणाच्या रकान्यात "ऑपरेटरची चूक" असं घातलं. सरांनी परत पाठवला. "माणसाचं नाव हे कारण नसतं मॅडम. शोधायचा कंटाळा आला की माणूस नाव लिहितो." चिडले मी. संध्याकाळपर्यंत विसरलेही.

१९ जुलै, रविवार. हमरापूर

केलं.

आधी फोन केला त्यांना. एवढी तरी रीत पाळली. म्हटलं, चाचा, शेत काढावं लागेल, दुसरा उपाय दिसत नाही. मला वाटलं होतं समजवावं लागेल. ते लगेच म्हणाले, "माझ्यामुळं सगळ्यांचा खेळ बंद पडत असंल तं काढून टाक. त्यात विचारायचं काय." मग, "एखादी नक्कल ऱ्हाते का गो कुठं?"

"राहते चाचा. बॅकअप असतो."

"मंग ठीक हाय."

शेताचा तुकडा पुसायला चार सेकंद लागली. पुन्हा आत जाऊन बघितलं तर सपाट गवत, कोणी कधी आलंच नाही असं. एक मेंढी फिरत होती.

चहाच्या वेळी चाचांचा आवाज ग्रुपवर. अठ्ठावीस सेकंद. "मी इस्माईल बोलतो. माझ्या शेतामुळं तुम्हाला तरास झाला. कामावरनं दमून येता, नि माझ्यामुळं बंद. माफ करा पोरांनो." सागरने हात जोडलेले टाकले. सगळ्यांनी टाकले. मीही.

आईने ऐकलं ते मागून. "कोण ते? कसली माफी मागतायत?" म्हटलं, गेमचं आहे काही तरी.

२३ जुलै

चार दिवस झाले, एकदाही बंद नाही. ग्रुपवर मी हीरो. सागरने स्वतःहून लिहिलं, "अ‍ॅडमिनला मानलं." पाऊस मात्र धो धो. दादाचा फोन, हवेत एवढी ओल की रंग सुकत नाही, शनिवारपासून फवारणी बंद आहे, ऑर्डरी कशा पुऱ्या करायच्या. त्याला धीर दिला.

चाचा चार दिवसांत आत आले नाहीत. नवीन जागा देईन म्हणून मेसेज केला, वरच्या अंगाला, पाण्यापासून लांब. उत्तर: "बरं बेटा."

२९ जुलै, बुधवार

पुन्हा बंद. ५.०४.

चाचा नव्हते. शेत नाही. पाणी नाही. आत होता सागर. आज दुकान बंद ठेवून दुपारपासून खाण खोदत बसला होता. लॉग: जतन करता आलं नाही, आणि नंबर सागरच्या खाणीचा.

मग ग्रुपवर लिहिलं, "इंटरनेट गेलं होतं घरचं." सागर म्हणाला, हां, पावसात जातं.

म्हणजे लॉग फक्त एवढंच सांगत होता की त्या वेळी कोण कुठे उभं होतं. कावळा बसायला आणि फांदी तुटायला एक गाठ, आणि मी कावळ्याला धरलं. तरी मनात एक खाचाखोचा शोधणारी बाई बसलीय. ती म्हणते, पाण्याचा काही तरी उरलेला परिणाम असेल. असू दे. असला तर बरं होईल.

३१ जुलै

काल बंद, आज बंद, दोन्ही दिवस आत कोणी वेगळंच. ५.०६, ५.०३. पाऊस उघडलाय.

५ ऑगस्ट, बुधवार. हमरापूर

आजपासून बारा दिवस सुट्टी घेतली, आखणीसाठी. डोळ्यांचं काम आमच्याकडे मी आणि आई, दोघीच करतो. बाकी सगळा रंग गनने होतो, डोळे हातानेच. बुबुळ एकदा चुकलं की मूर्ती तुमच्याकडे बघत नाही, कुठे तरी भलतीकडे बघते, आणि गिऱ्हाईक ते लांबून ओळखतं.

मागच्या खोलीत कॉम्प्युटरशेजारीच माझं टेबल. साडेचारला चहा झाला. पाचला बाहेर दादाने रोजच्यासारखा कॉम्प्रेसर चालू केला, रंगाच्या दुसऱ्या हाताची फवारणी. मोटरने झटका घेतला आणि माझ्या डाव्या हाताला टिक असा आवाज आला.

हार्ड डिस्क. बाहेरून जोडलेली, जिच्यात गेमचं सगळं गाव आहे. तिचा निळा दिवा गेला, परत लागला. एक सेकंदसुद्धा नाही. स्क्रीनवर सर्व्हरच्या ओळी थांबल्या. फोन वाजला, ग्रुपवर कोणी तरी: "बंद पडला वाटतं."

टेबलाखाली वाकले. यूपीएसला चार सॉकेट. कॉम्प्युटर, स्क्रीन, इंटरनेटचा डबा. चौथ्यात माझा टेबल लॅम्प. हार्ड डिस्कचा अ‍ॅडाप्टर तिथे नाही. तो भिंतीवरच्या बोर्डात, त्याच लाइनवर जिच्यावर बाहेर कॉम्प्रेसर चालतो.

लॅम्प यूपीएसवर मीच लावलाय. जूनच्या शेवटच्या रविवारी. आखणी करताना दिवा मिचकावला की हात थरथरतो, म्हणून अ‍ॅडाप्टर काढला आणि लॅम्प घातला. कॉम्प्रेसर रोज वीज ओढतो तेव्हा या खोलीत काहीच मिचकावत नाही. मिचकावू नये म्हणून तर केलं होतं. म्हणून कोणाला कळलं नाही. आत कोणी नसलं तर गेम काही लिहीतच नाही, डिस्क एक क्षण गेली काय नि आली काय. कोणी आत असलं की लिहायला जातो, डिस्क सापडत नाही, मरतो. जो असेल त्याच्या नावावर. रविवारी गन बंद. पावसाच्या आठवड्यात गन बंद.

तुमच्याकडं पाचला काय लावतात का?

ब्रश हातात तसाच. पुढच्या मूर्तीचा एक डोळा काढून झाला होता, दुसरा व्हायचा होता. आई म्हणाली, "काय गो, काय झालं?" म्हटलं, काही नाही. दुसरा डोळा तिला काढायला दिला.

५ ऑगस्ट, जेवणानंतर

बॅकअप बघितले. सर्व्हर रोज एक करतो आणि सातच ठेवतो, आठवा झाला की पहिला पुसतो. ते मीच तसं लावलंय, डिस्क भरू नये म्हणून. शेत काढून सतरा दिवस झाले. सातही नकलांत गवत.

मी "राहते" म्हटलं होतं. वेगळी काढून ठेवायला पाच मिनिटं लागली असती.

६ ऑगस्ट

लॅम्प भिंतीच्या बोर्डात, अ‍ॅडाप्टर यूपीएसमध्ये. पाचला कॉम्प्रेसर लागला. लॅम्प मिचकावला. सर्व्हर चालू. एवढंच होतं.

ग्रुपवर लिहिलं: "अपडेट टाकलाय, आता प्रॉब्लेम येणार नाही." सागर: "मस्त." कोणीही विचारलं नाही की मग चाचांचं काय. विचारलं असतं तर सांगितलं असतं, असं मी स्वतःला सांगते. चोर सोडून संन्याशाला फाशी, आणि चोर ग्रुपचा अ‍ॅडमिन.

९ ऑगस्ट

नाझचा व्हिडिओ कॉल. आधी इकडचं तिकडचं, आईच्या हातची तांदळाची भाकरी किती दिवसांत खाल्ली नाही वगैरे. मग म्हणाली, "अब्बांनी टॅबलेट बंद करून कपाटात ठेवलाय. नमाजाच्या वेळा त्याच्यावर बघायचे, त्या पण आता शेजाऱ्यांना विचारतात. पाच वाजले की ओट्यावर येऊन बसतात. काय करताय म्हटलं की म्हणतात, काय नाय."

मी म्हटलं, नवीन जागा देतेय ना मी त्यांना.

"प्राजू, खरी जमीन गेली तेव्हा पण असे नव्हते गो बसले. तेव्हा खाडीनं नेलेली. आत्ता त्यांना वाटतं त्यांच्यामुळं गेलं, वर लोकांना तरास पण दिला. मला म्हणाले, ज्या वयात जे कळत नाय त्यात पडू नये."

मला एवढंच सुचलं: "सर्व्हरला झेपत नव्हतं गं, काय करणार."

तिला खोटं सांगितलं. पाचवीपासून पहिल्यांदा असं म्हणणार होते, पण तेही खोटं होईल. मोठं मात्र पहिल्यांदाच.

१५ ऑगस्ट

झेंडावंदनाला शाळेत गेले नाही, आखणीचं कारण सांगितलं. जुने पेनड्राइव्ह उचकले. एकात जानेवारीतली नक्कल सापडली, कसली तरी चाचणी करायला काढलेली. लॅपटॉपवर उघडली.

शेत आहे. पण जानेवारीतलं. बांध अर्धा, उघाडी बसलेली नाही, पाणी पाचही खाचरांत गुडघाभर. त्यांच्या खऱ्या जमिनीचं शेवटी जे झालं तेच बघतोय असं वाटलं. हे त्यांना दाखवायचं नाही.

१८ ऑगस्ट, रोहा

सुट्टी संपली. चार दिवस बांधतेय, आता कामावरून आले की. त्या नकलेवरून पुढे, आठवणीने, माझ्या एका जुन्या व्हिडिओत शेत मागे दिसतं त्यावरून. पाणी उपसलं, बांध पुरा केला, दोन्ही उघाड्या बसवल्या. झडप पाडली तर पाणी आवळीखालच्यातून वाकड्यात जातं आणि तिथेच साचतं. त्यांच्याकडे जात नव्हतं. त्यांनी कुठे तरी उतार दिला होता, मला दिसत नाही. दोन वर्षांत एकदाही विचारलं नाही, चाचा हे पाणी तुम्ही वळवता कसं. बघायला गेले, वा म्हटलं, फोटो काढला, आले.

२३ ऑगस्ट, रविवार. हमरापूर

दादाला सांगितलं सगळं. तो टेम्पोत मूर्ती चढवत होता, गवताचा थर, मग मूर्ती, मग गवत. ऐकून म्हणाला, "म्हंजी माझ्या कॉम्प्रेसरनं म्हाताऱ्याचं शेत गेलं?" म्हटलं, नाही, माझ्या लॅम्पने. "मंग त्याला सांगितलंस?" नाही, आधी शेत नीट बांधते, मग सांगते.

"आधी खोटं बोललीस, आता त्याच्यावर माडी चढवतेस. बांधून झालं की सांगायची गरजच वाटणार नाय तुला. बघ तू."

चिडले. त्याला गवताचे भारे उचलून द्यायचे सोडून आत गेले. खरं बोलला म्हणूनच चिडले.

३० ऑगस्ट, रविवार. रोहा

गेले. घरी हमरापूरला गेलेच नाही, इथूनच पूल ओलांडून अष्टमीला. पुलावर दोनदा थांबले. नदी बघतेय असं दाखवत.

दार त्यांनीच उघडलं, काठी टेकत. "ये गो प्राजू. किती दिसांनी." चहा करायला मी उठले तर बसवलं. "पावणी हायस. बस." गुडघा धरून धरून चहा केला त्यांनी आणि मी बसून राहिले, कारण उठले असते तर सरळ दाराबाहेर गेले असते.

चहा संपायच्या आधी सांगितलं. लॅम्प, अ‍ॅडाप्टर, कॉम्प्रेसर, पाच वाजता. कधी कळलं तेही सांगितलं. पाच ऑगस्टला. म्हणजे पंचवीस दिवस झाले.

ते पूर्ण ऐकून घेतात, मध्ये बोलत नाहीत. मग म्हणाले, "मी ईचारलेलं ना तुला. पाचलाच का म्हणून."

"हो चाचा."

"तवा काय म्हणालीस?"

त्यांना आठवत होतं. मी ते वाक्य पुन्हा म्हणावं असं त्यांना वाटत होतं का, कोण जाणे. त्यांनी वाट बघितली, मग सोडून दिलं.

"नक्कल?"

"नाही राहिली. चुकले मी. जानेवारीतली एक आहे, तिच्यावरून मी बांधायला घेतलंय, पण पाणी वाकड्यात साचतं."

"साचणारच. थोरल्याच्या कोपऱ्याला एक पायरी खाली घ्यावी लागते." एवढं पटकन बोलले आणि थांबले. हात मांडीवर ठेवले. "नको बांधूस. माझं म्हणून तू नको बांधूस."

मी माफी मागितली. रडले थोडी, रडायचं नाही असं ठरवून गेले होते. त्यांनी कप उचलून बाजूला ठेवला.

"मला कशाला सांगतेस एकटीला? मी त्या पोरांची माफी मागितली, सगळ्यांदेखत. ती माफी माझी नव्हती ना गो. ती आधी परत घे."

राग नव्हता आवाजात. असता तर बरं झालं असतं. दारापर्यंत आले सोडायला.

२ सप्टेंबर

नाझचा मेसेज, नेहमीसारखा. कारखान्यात किती उरलं, आईचे डोळे कसे आहेत, दमू नकोस. म्हणजे चाचांनी तिला काहीच सांगितलेलं नाही. तीन दिवस झाले, बापाने लेकीपासून माझं झाकून ठेवलंय. मी अजून ग्रुपवर एक अक्षर लिहिलेलं नाही. कंपनीत काम जास्त आहे, असं कारण मी स्वतःला दिलं. आज काम काहीच नव्हतं.

५ सप्टेंबर, शनिवार

केलं.

लिहून टाकणार होते, पण त्यांनी तोंडाने मागितली होती. जेवणाच्या सुट्टीत कंपनीच्या गेटबाहेर, पिंपळाखाली उभी राहून बोलले. दोन मिनिटं अकरा सेकंद. सर्व्हर चाचांच्या शेतामुळे कधीच बंद पडला नाही. माझ्या घरची वायर, माझी चूक. त्यांनी बरोबर प्रश्न विचारला होता आणि मी त्यांना म्हटलं की तुम्हाला कळायचं नाही. नक्कल ठेवते म्हणाले, ठेवली नाही. कळल्यावर महिनाभर तुमच्याशी खोटं बोलले. चाचांनी एकोणीस जुलैला जी माफी मागितली ती त्यांची नव्हती, माझी होती. मध्ये एक ट्रक गेला त्याचा आवाजही आलाय. परत रेकॉर्ड केलं नाही. केलं असतं तर एकेक वाक्य गळत गेलं असतं.

सागरने सगळ्यात आधी ऐकलं. "अगं चालतंय, होतं असं. गेमच आहे ना." वर हसरा चेहरा. मागोमाग बाकीचे. होतं गं. टेन्शन नको घेऊ. सगळ्यांनी दहा मिनिटांत मला माफ करून टाकलं. त्यांचं काही गेलंच नव्हतं, त्यांना काय. आणि सागर, तू पण होतास त्यात, असं लिहिणार होते. लिहिलं नाही. आज माझीच पाळी.

नाझ चार तास काही बोलली नाही. ऐकल्याची खूण मात्र दिसत होती. साडेपाचला मेसेज आला.

"तुझ्याशी मी नंतर बोलेन. आत्ता बोलले तर वाईट बोलेन. नऊ ऑगस्टला तू मला तोंडावर सांगितलंस सर्व्हरला झेपत नव्हतं."

थोड्या वेळाने दुसरा.

"अब्बांना फोनवर ऐकवलं. मी व्हिडिओ कॉलवर होते. परत लाव म्हणाले. दोनदा ऐकलं. मग कपाटातनं टॅबलेट काढून चार्जिंगला लावला."

कशासाठी, ते तिने विचारलं नाही. मीही तिला विचारलं नाही. नमाजाच्या वेळाही ते त्याच्यावरच बघायचे.